कबड्डी आणि वतनदारी

24 ऑगस्ट 2018, शुक्रवार. श्रावणातला शुक्रवार म्हणून घरी पुरणाचा स्वयंपाक होता आणि आम्ही कधी एकदा कॅश जुळते याची वाट पाहत महाराणा प्रताप नगरातल्या आमच्या शाखेत बसलो होतो. तेवढ्यात शेजारच्या काउंटरवरच्या मित्राने मोबाइल पुढे केला. जकार्ताच्या आशियाई क्रीडा स्पर्धेत महिला कबड्डीच्या अंतिम सामन्यात इराणने भारताला 27-24 असे हरवले होते. आदल्याच दिवशी पुरुष संघ उपांत्य सामन्यात इराणकडूनच 27-18 ने गारद झाला होता. मित्र म्हणाला, "भाईसाहब, ये तो आप लोगों का खेल है ना? और सुना है, उनकी कोच भी आप ही के यहाँ की हैं!"

त्याचे म्हणणे खरे होते. इराणच्या मुलींच्या प्रशिक्षक होत्या नाशिकच्या शैलजा जैन.

पुढे गणेशोत्सवात आपल्या मंडपात यावर जी चर्चा झाली, ती अनेक समाजबांधवांना आठवत असेल. एका ज्येष्ठांनी तर 'घरभेदी' हा शब्द वापरला. आम्ही तेव्हा गप्प बसलो, कारण मोदकांचे ताट हातात होते आणि वडीलधाऱ्यांशी वाद घालायची आपल्याकडे पद्धत नाही. त्या वेळचे उत्तर आज इतक्या वर्षांनी देत आहोत, कारण तोच प्रश्न आता आपल्या संस्थेच्या दारात येऊन उभा आहे.

आधी थोडा हिशेब. हुतूतूला नियमांची चौकट मिळाली ती प्रामुख्याने महाराष्ट्रात. 1936 साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या पथकाने तिथे जाऊन कबड्डी दाखवली. शंकरराव ऊर्फ बुवा साळवी यांनी तर उभे आयुष्य या खेळामागे घालवले. 15 जुलै हा त्यांचा जन्मदिवस महाराष्ट्रात कबड्डी दिन म्हणून पाळतात. 1982 साली दिल्लीच्या आशियाई स्पर्धेत कबड्डी प्रदर्शनापुरती होती. 1990 साली बीजिंगला पदकाची स्पर्धा सुरू झाली आणि तेव्हापासून 2014 पर्यंत सातही वेळा पुरुषांचे सुवर्णपदक भारतानेच घेतले. महिलांची कबड्डी 2010 साली आली, ती दोन्ही सुवर्णपदकेही आपलीच.

आम्ही कॉमर्सवाले. आम्हाला शिकवले होते की ताळेबंदात गुडविल नावाची एक मालमत्ता असते. दिसत नाही, हाताला लागत नाही, पण आकडा मोठा असतो. दुकान चालते तोवर तो आकडा शोभून दिसतो. भारतीय कबड्डीने सात सुवर्णपदकांचे गुडविल ताळेबंदात लिहून ठेवले आणि घसारा काढायचा विसरली. घसारा तर कधीच सुरू झाला होता. 2014 साली इंचॉनला पुरुषांचा अंतिम सामना आपण इराणशी 27-25 असा जिंकलो. फक्त दोन गुण! पण सोने घरी आले म्हटल्यावर दोन गुणांकडे कोण पाहतो? जकार्तात तर इराणच्या आधीच साखळीत दक्षिण कोरियाने आपल्याला 24-23 असे हरवले होते.

मैदानाबाहेर काय चालले होते तेही पाहा. राष्ट्रीय कबड्डी महासंघाची सूत्रे अनेक वर्षे जनार्दनसिंह गेहलोत यांच्याकडे होती. त्यांच्यानंतर अध्यक्षपद त्यांच्या पत्नीकडे गेले आणि ते स्वतः तहहयात अध्यक्ष झाले. स्पर्धा तोंडावर आली असताना, ऑगस्ट 2018 मध्येच, दिल्ली उच्च न्यायालयाने या दोन्ही नेमणुका रद्द ठरवून महासंघावर प्रशासक नेमला. आपल्यापैकी कित्येकांच्या घरात इनामाची नाहीतर वतनाची जुनी कागदपत्रे अजून ट्रंकेत आहेत. वतन म्हणजे काय आणि ते कसे जाते, हे आपल्याला वेगळे समजावून सांगायला नको.

आता शैलजा जैन यांच्याविषयी. भारतीय संघाचे प्रशिक्षकपद आपल्याला मिळाले नाही, त्यामुळे स्वतःला सिद्ध करायचे होते, असे त्यांनी सामन्यानंतर उघड सांगितले होते. इराणने बोलावले, त्या गेल्या. परका मुलुख, परकी भाषा, खाण्याचे हाल. त्यांनी कामापुरती फारसी शिकून घेतली, मुलींच्या सरावात योगासने आणि प्राणायाम आणला आणि दीडएक वर्षात आशियातला सर्वोत्तम संघ उभा केला. यात घरभेदीपणा कोणता? ज्याला आपण काम दिले नाही, त्याने दुसरीकडे काम केले आणि चोख केले. आमच्या मते इथे कौतुक एकट्या गुरूचे नको, शिष्यांचेही हवे. आपली भाषा न बोलणाऱ्या, आपल्या धर्माच्या नसलेल्या, दुसऱ्या देशाच्या बाईला इराणने संघ सोपवला, आणि मुलींनी तिचे ऐकले.

काही जण म्हणतात, प्रो कबड्डी लीगमध्ये इराणी खेळाडू घेतले तिथेच चुकले. आपणच त्यांना आपले डावपेच शिकवले. फजल अत्राचली यू मुम्बाकडून खेळला, मुंबईच्या पोरांनी त्याला डोक्यावर घेतले, हे खरे. पण त्याच लीगमध्ये आपले खेळाडूही त्याची पकड रोज पाहत होते. शिकायला त्यांना बंदी होती का?

पुढे 2022 ची हांगझौची स्पर्धा 2023 साली झाली आणि 7 ऑक्टोबरला दोन्ही सुवर्णपदके परत आली. मुलींनी चिनी तैपेईला 26-25 असे हरवले आणि ते पदक त्या स्पर्धेतले भारताचे शंभरावे ठरले. पुरुषांनी इराणला 33-29 असे हरवले, पण 28-28 अशा बरोबरीवर एका चढाईतल्या गुणांवरून पंचांच्या निर्णयाचा असा घोळ झाला की सामना तासभर बंद पडला. त्या दिवशी आम्हीही पेढे वाटले. तरी एका गुणाचे सोने आणि वादातले सोने, हे जुन्या सात सुवर्णपदकांसारखे नाही. ते कष्टाने मिळवावे लागले आणि पुढेही तसेच मिळवावे लागेल. आम्हाला तर ते जास्त आवडले.

आता आपल्याकडे वळू. आमचे आजोबा 1956 साली, नवे मध्य प्रदेश झाले तेव्हा, नागपूरच्या सचिवालयातल्या फायलींबरोबर भोपाळला आले. आपल्या अनेक घरांची हीच कथा. कोणी ग्वाल्हेरहून आले, कोणी इंदूरहून. भोपाळ हे हॉकीचे गाव. पण तात्या टोपे नगरात आणि 1250 च्या बाजूला सरकारी क्वार्टरांसमोरच्या मातीत आपली मुले संध्याकाळी हुतूतू खेळत. आम्ही स्वतः पकडीत बरे होतो; चढाईत निदानरेषेपर्यंत कधी पोचलो नाही, मध्यरेषेवरूनच दम सांभाळत परत यायचो. खेळाला जातभाषा नव्हती. आमचा उजवा कोपरा सांभाळणारा मुलगा बुंदेलखंडातला होता आणि मराठी शिव्या आमच्यापेक्षा शुद्ध द्यायचा.

आज संस्थेच्या वार्षिक क्रीडा दिनात संगीतखुर्ची आणि लिंबूचमचा उरला आहे. मागचे पटांगण लग्नाच्या हंगामात मंडपवाल्याला भाड्याने जाते आणि एरवी तिथे मोटारी उभ्या राहतात. आम्ही कार्यकारिणीकडे एक साधा अर्ज दिला: आठवड्यातून तीन संध्याकाळी मुलींसाठी कबड्डीचा सराव. शिकवायला एक तरुणी तयार आहे. ती नर्मदापुरमकडची, विद्यापीठ पातळीवर खेळलेली, हिंदीभाषक. मानधन किरकोळ मागते. अर्जावर तोंडी उत्तर मिळाले की कल्पना चांगली आहे, पण 'बाहेरची कशाला, आपल्यातले कोणी पाहा', आणि आसपासच्या वस्तीतल्या मुलींना घ्यायचे असेल तर 'विचार करावा लागेल'.

आम्ही आपल्यातले कोणी पाहिले. आपल्यातला एकही जण तीन संध्याकाळी मोकळा नाही. आमच्यासकट.

नाशिकची बाई तेहरानला चालते म्हणून अभिमान मिरवणारे, आणि ती गेली म्हणून तिला घरभेदी म्हणणारे, असे दोन्ही पक्ष आपल्या समाजात आहेत. पण नर्मदापुरमची मुलगी आपल्या पटांगणात चालत नाही, याबाबत दोन्ही पक्षांचे एकमत झालेले दिसते. भाड्याचे उत्पन्न बुडेल हा आक्षेप आम्हाला समजतो. बँकेत असल्यामुळे तो सगळ्यात आधी समजतो, आणि हंगामाच्या तारखा सोडून सराव घेता येईल असे वेळापत्रकही आम्ही अर्जाला जोडले आहे. भाषेच्या आक्षेपाला जोडण्यासारखा कागद मात्र आमच्याजवळ नाही.

येत्या सर्वसाधारण सभेत हा विषय आम्ही रीतसर मांडणार आहोत. अनुमोदनासाठी दोन सभासदांच्या सह्या मिळाल्या आहेत, आणखी हव्या आहेत. मुलींच्या आया आल्या तर फार बरे. आजवरच्या सभांना निम्म्या खुर्च्या त्यांच्याविना रिकाम्या राहिल्या आहेत.

मागच्या रविवारी टेप घेऊन पटांगण मोजून आलो. महिलांच्या मैदानाला 12 मीटर बाय 8 मीटर जागा लागते. मंडपवाल्याचे लोखंडी पाइप भिंतीकडे सरकवले आणि चिंचेखालच्या दोन मोटारी हलवल्या, तर बरोबर बसते. त्यातली एक मोटार आमची आहे.