अनण-सुखाचा धडा

दिग्दर्शक जेम्स स्कर्लॉक यांचा 'मॅक्स्ड आउट' हा अमेरिकेतील ग्राहक-कर्जावरील माहितीपट २००६ साली प्रदर्शित झाला. क्रेडिट कार्डाच्या देण्याने खचून आत्महत्या केलेल्या महाविद्यालयीन मुलांच्या माता त्यात बोलतात. कमाई नसलेल्या लेकरांच्या हाती कार्ड दिले कोणी, हा त्यांचा प्रश्न. हार्वर्डमध्ये तेव्हा कायदा शिकविणाऱ्या एलिझाबेथ वॉरन यांच्या अनुभवात त्याचे उत्तर सापडते. परतफेड न झेपणाऱ्यांना कर्ज देणे कमी करा, असे त्यांनी एका बँकेला सुचविले. तेव्हा 'आमचा नफा त्यांच्याकडूनच येतो' अशा आशयाचे उत्तर मिळाले. पुढे २००९ च्या कायद्याने २१ वर्षांखालील तरुणांना स्वतःचे उत्पन्न किंवा कमावता सहकर्जदार असल्याखेरीज कार्ड देण्यास तेथे मनाई झाली.

ही गोष्ट दूरदेशीची म्हणून सोडून देता येत नाही. दहा हजारांचे देणे आहे, व्याज दरमहा साडेतीन टक्के आहे आणि आपण 'किमान रक्कम' म्हणून पाचशे भरले, असे समजू. त्यातील साडेतीनशे व्याजात जातात. मुद्दल फिटते अवघे दीडशे. वर्षाला बेचाळीस टक्के दर लावणाऱ्या सावकाराला आपल्या आजोबांनी पाहताक्षणी ओळखले असते. आज तो दारात उभा राहत नाही, मोबाइलमधून येतो आणि आपण त्याला सुविधा म्हणतो.

आमच्याच तुकडीतील एका मित्राने बहिणीच्या लग्नासाठी अशा ॲपवरून कर्ज घेतले. हप्ता थकताच वसुलीचे फोन त्याच्या नातलगांना जाऊ लागले. लाजेने त्याने आमच्या मेळाव्याला येणे सोडले. या वसतिगृहात एका ताटात जेवलेला मित्र अडचणीत आमच्याकडे येऊ शकला नाही, यात त्याच्याइतकीच आमचीही चूक आहे, असे आम्ही मानतो.

कर्ज मुळातच वाईट, असे आमचे म्हणणे नाही. शिक्षणासाठी, विहिरीसाठी विचारपूर्वक घेतलेले कर्ज घर उभे करते. परंतु मानासाठी, देखाव्यासाठी घेतलेले कर्ज माणसाची मानच खाली घालते. तथागतांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली, त्यांत 'अनण-सुख', म्हणजे कोणाचेही देणे नसण्याचे सुख, स्वतंत्रपणे गणले आहे. कष्टाने मिळवलेली संपत्ती आणि तिचा उपभोग यांच्या शेजारी त्याला स्थान आहे, हे विसरू नये.

म्हणून आमची शाळेला विनंती आहे : दहावीच्या मुलांना चक्रवाढ व्याज शिकविताना कर्जाच्या कराराचा एक खरा कागदही वाचावयास द्यावा. पालकांनी लग्नाचा खर्च आवरावा. आणि आम्ही माजी विद्यार्थ्यांनी अडचणीतील सोबत्यासाठी बिनव्याजी साहाय्य निधी उभारावा. ज्या शाळेने आम्हांला ताठ मानेने उभे राहावयास शिकविले, तिचे ऋण मात्र आम्ही आनंदाने वाहू. ते फेडण्याचा हाच मार्ग आम्हांला दिसतो.