मांडीवरचे मूल आणि कायद्याचा पट्टा

मोटार वाहन कायद्यात २०१९ साली झालेल्या दुरुस्तीनुसार चौदा वर्षांखालील मुलास सुरक्षा-पट्टा न लावता, अथवा बालकांसाठीच्या खास आसनात न बसविता, वाहन चालविणाऱ्यास एक हजार रुपये दंड आहे. फेब्रुवारी २०२३ पासून दुचाकीवरील नऊ महिने ते चार वर्षे वयाच्या बालकास शिरस्त्राण आणि चालकाशी जोडणारा पट्टा सक्तीचा झाला. हे नियम शास्त्राला धरूनच आहेत. ताशी ५० किलोमीटर वेगाची गाडी धडकून अर्ध्या मीटरच्या अंतरात थांबली, तर दहा किलो वजनाचे मूल आईच्या हातांना सुमारे दोनशे किलोच्या ओझ्याएवढा हिसका देते. ते पेलण्याचे बळ कोणत्याही मातेच्या मिठीत नाही.

प्रश्न इतकाच की, धाराशिव जिल्ह्यातील किती मुलांपर्यंत हा पट्टा पोचतो? तिघांच्या बाकावर पाच जण बसविणाऱ्या काळ्यापिवळ्या जीपमध्ये मुलाची जागा मांडीवरच. एस.टी.त पाच वर्षांखालील मुलाला तिकीट नाही. म्हणून हक्काचे आसनही नाही. फुकट प्रवासाची ही दुसरी बाजू सहसा कोणी बोलून दाखवीत नाही.

परंतु याहून बिकट अवस्था ऊसतोड मजुरांच्या मुलांची आहे. दिवाळीच्या सुमारास भूम, परंडा, वाशी, कळंब या तालुक्यांतून टोळ्या पश्चिम महाराष्ट्राकडे आणि कर्नाटकाकडे निघतात. नवरा-बायकोचा मिळून एक कोयता. घरी सांभाळणारे कोणी नसेल तर मुले बरोबर. मालमोटारीत किंवा ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत ज्वारीची पोती, भांडीकुंडी, सरपण, आणि त्या ढिगावर मुले. रात्रीच्या प्रवासात ती तिथेच झोपी जातात. पट्टा बांधावयाचा कशाला? तेथे आसनच नाही.

यास मजुरांचे अज्ञान म्हणणे सोपे आहे, आणि शहरात ते आवडीने म्हटलेही जाते. वास्तविक हा खर्चाचा हिशेब आहे. ऊस वाहण्यासाठी वाहन जाणारच असते; त्यावर माणसे चढविल्याने मुकादमाचा खर्च एका रुपयानेही वाढत नाही. उलट बसभाडे उचलीतून वजा होण्याची धास्ती मजुराला असते.

तेव्हा केवळ बंदी घालून भागणार नाही. विमानात दोन वर्षांखालील मुलांना स्वतंत्र आसन सक्तीचे करण्याचा प्रस्ताव अमेरिकेच्या विमान वाहतूक प्रशासनाने २००५ साली सोडून दिला, तो याच विचाराने: जादा तिकिटाच्या भाराने कुटुंबे मोटारीने जातील, आणि रस्ता विमानापेक्षा अधिक घातक. ट्रॉली अडविली आणि बस दिली नाही, तर टोळ्या आडवाटेने जातील, इतकेच.

पैसा नाही, ही सबब येथे टिकत नाही. गोपीनाथ मुंडे ऊसतोड कामगार कल्याण महामंडळासाठी गाळपाच्या उसावर टनामागे दहा रुपये कारखान्यांकडून घेण्याचे शासनाने ठरविलेले आहे. लग्नाच्या वऱ्हाडासाठी एस.टी. प्रासंगिक करारावर मिळते. ती जाता-येता टोळीसाठीही घेता येईल, सामान मागून ट्रॉलीतून येईल. एस.टी.च्या आसनांनाही पट्टे नाहीत हे खरे. पण छप्पर, भिंती आणि बाक यांचे मोल उघड्या ट्रॉलीपुढे थोडे नव्हे. मात्र मुलांनाही प्रत्येकी आसन धरूनच गाड्यांची संख्या ठरली पाहिजे, आणि हे भाडे मजुराच्या उचलीतून कापले जाणार नाही, अशी अट कारखाना व मुकादम यांच्या करारात लेखी हवी.