खामगावची स्टेशन डायरी

पोलीस ठाण्याची स्टेशन डायरी कोणी हौसेने वाचत नाही. कोण ड्युटीवर आले, कोण गस्तीला गेले, कोणाचा अर्ज आला, असल्या रटाळ नोंदी त्यात असतात. ३१ मे २००६ रोजी खामगावच्या ठाण्यात अशीच एक नोंद झाली. मुख्यमंत्र्यांच्या कार्यालयातून फोन आला होता आणि विषय होता आमदाराच्या कुटुंबाविरुद्धच्या सावकारीच्या तक्रारींचा.

विलासराव देशमुख तेव्हा मुख्यमंत्री होते. आमदार दिलीप सानंदा त्यांच्याच पक्षाचे. सानंदा कुटुंबावर बेकायदा सावकारीचे आरोप होते. फोनपाठोपाठ जिल्हाधिकाऱ्यांमार्फत सूचनाही निघाली, की या कुटुंबाविरुद्धच्या तक्रारी आधी जिल्हा सावकारीविरोधी समितीकडे न्याव्यात, मग सरकारी वकिलांचे मत घ्यावे आणि त्यानंतरच काय ते ठरवावे. दखलपात्र गुन्ह्याच्या फिर्यादीला अशी चाळण लावायची तरतूद फौजदारी कायद्यात कुठेही नव्हती. एका घरापुरती ती तयार झाली, आणि तीही ज्या वर्षी केंद्राने विदर्भातल्या सहा आत्महत्याग्रस्त जिल्ह्यांसाठी पॅकेज दिले आणि त्यात खामगावचा बुलढाणा जिल्हाही होता, त्याच वर्षी.

याविरुद्ध एक शेतकरी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात गेला. खंडपीठाने सरकारला २५ हजारांचा खर्च लावला. सरकारने तो मुकाट्याने भरला असता तर प्रकरण तिथेच मिटले असते. पण सरकार सर्वोच्च न्यायालयात अपिलात गेले. १४ डिसेंबर २०१० रोजी न्या. सिंघवी आणि न्या. गांगुली यांनी अपील फेटाळून खर्चाची रक्कम १० लाखांवर नेली. देशमुख तेव्हा केंद्रात मंत्री होते. पैसे गेले राज्याच्या तिजोरीतून, म्हणजे फिरून खामगावच्या शेतकऱ्याच्याच खिशातून.

तपास पोलिसांनीच करावा, न्यायाधीशाने ठाणेदाराच्या खुर्चीत बसू नये, हे तत्त्व प्रिव्ही कौन्सिलने १९४४ मध्येच सांगितले आणि ते रास्तही आहे. पण त्याच्या आडून ठाण्याच्या दारात मंत्रालय बसणार असेल, तर न्यायालयाला उंबरठा ओलांडावाच लागतो. त्यासाठी दर वेळी नागपूर गाठण्याचे कारण नाही. तपास नीट होतो की नाही यावर दंडाधिकाऱ्याला लक्ष ठेवता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वासू खटल्यात २००७ मध्येच स्पष्ट केले. ललिता कुमारी निकालाने २०१३ मध्ये दखलपात्र गुन्हा नोंदवणे बंधनकारक केले. तरीही 'अर्ज चौकशीवर ठेवलाय, नंतर या' हे वाक्य आजही प्रत्येक ठाण्यात ऐकू येते.

दंडाधिकाऱ्याने पोलिसांना तपासाचा आदेश देण्याचे, वकिलांच्या तोंडी असलेले 'एकशेछप्पन तीन' हे कलम १ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रियेच्या नव्या संहितेत कलम १७५ (३) झाले. बदल निव्वळ आकड्याचा नाही. आता फिर्यादीने आधी पोलीस अधीक्षकांकडे जायचे, शपथपत्र जोडायचे, आणि आदेश देण्यापूर्वी दंडाधिकाऱ्याने पोलिसांचेही म्हणणे विचारात घ्यायचे. खोट्या अर्जांना आळा बसावा हा हेतू ठीक आहे. पण ज्या ठाण्याने फिर्याद घेतली नाही, त्याच ठाण्याचे म्हणणे येईपर्यंत तारखा पडत राहिल्या, तर सावकाराने लिहून घेतलेल्या खरेदीखतावर फेरफार होऊन सातबाऱ्यावर त्याचे नाव चढलेले असेल. हे म्हणणे किती दिवसांत यावे, याचा दंडक उच्च न्यायालयाने घालून द्यावा. तक्रार खोटी ठरवणारा पोलिसांचा अहवाल, म्हणजे 'ब' समरी, येते तेव्हाही दंडाधिकाऱ्याने केस डायरी स्वतः उघडून पाहावी. फिर्यादीला नोटीस काढली की काम झाले असे समजू नये.

खामगावचे प्रकरण धसास लागले, त्याला मोठा आधार मिळाला तो ठाण्यातल्या त्या नोंदीचा. फोन करणाऱ्याला ती होईल असे वाटले नसावे. आजचा निरोप व्हॉट्सअॅप कॉलवर येतो आणि डायरीपर्यंत पोहोचत नाही. ठाण्यांत सीसीटीव्ही बसवण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये दिला. पण कॅमेऱ्यात दिसतो तो फोन कानाला लावून 'हो साहेब' म्हणणारा अंमलदार. पलीकडे कोण होते, हे त्याला न्यायालयात शपथेवर विचारावे लागेल.