माजघरांतील डोळा

गेल्या संक्रांतीस आमच्या घरांतील बहुतेक मंडळी सिद्धेश्वराच्या यात्रेंत गुंतलेली. घर ओस पाहून चोर शिरेल, या भीतीनें माझ्याच सांगण्यावरून दाराशीं एक व माजघरांत एक असे दोन कॅमेरे बसविण्यांत आले. यात्रा सरली, कॅमेरे राहिले. पुण्यास नोकरीवर असलेले आमचे ज्येष्ठ चिरंजीव मोबाईलवर माजघर न्याहाळूं लागले. आणि एके दिवशीं, धाकटी सून दुपारीं एकटी बसून कां रडत होती, असें त्यांनीं मला विचारलें. प्रश्न काळजीचाच होता. परंतु ती गोष्ट कानीं जातांच सूनबाई माजघरांत बसेनाशी झाली. भाजी निवडणें स्वयंपाकघराच्या कोपऱ्यांत, माहेरचा फोन गच्चीवर. चोर आला नाहीं. पण घरच्या एका माणसाची बसावयाची जागा मात्र गेली.

परदृष्टीपासून घर राखण्याचा विचार आपल्याकडे नवा नव्हे. वहिवाटीच्या हक्कांविषयींचा १८८२ चा जो ईझमेंट ॲक्ट, त्याच्या १८ व्या कलमाखालीं एक उदाहरण दिलें आहे. ज्या गांवीं तशी रूढि असेल, तेथें शेजाऱ्याच्या घराचा एरवीं नजरेआड असणारा भाग दिसेल अशी नवी खिडकी कोणी पाडूं नये. कॅमेरा ही तशीच खिडकी. मात्र ती कधीं मिटत नाहीं, आणि पाहिलेलें सांठवून ठेवते.

२४ ऑगस्ट २०१७ रोजीं सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनीं खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरविला. पुढें कलकत्त्याच्या एकाच घरांत राहणाऱ्या दोघां भावांचा तंटा तेथील उच्च न्यायालयांत गेला. सहनिवाशाच्या संमतीवांचून राहत्या भागांत कॅमेरे चालवूं नयेत, असा २०२५ सालीं निकाल झाला, व तो फिरविण्यास सर्वोच्च न्यायालयानें नकार दिला. तथापि प्रत्येक घरचें गाऱ्हाणें कोर्टापर्यंत थोडेंच जातें? आणि वैयक्तिक माहितीच्या रक्षणार्थ झालेला २०२३ चा कायदा तर केवळ घरगुती कारणासाठीं वापरलेल्या माहितीस लागूच नाहीं. म्हणजे उंबऱ्याच्या आंत मर्यादा घालावयाची ती आपणच.

आमच्या लहानपणीं वडीलधारी मंडळी माजघरांत पाऊल टाकण्यापूर्वीं खाकरत असत. 'मी येत आहें, सांवरून बसा,' एवढा त्याचा अर्थ. घर त्यांचेंच होतें, सत्ताही त्यांचीच. तरीही ती सूचना दिल्यावांचून ते आंत येत नसत. कॅमेरा खाकरत नाहीं. 'घरांत लपवावयाचें काय?' असें आम्ही वडील विचारतों. परंतु ज्यांच्यावर पहारा बसावयाचा, त्यांना अगोदर विचारण्याचें आम्हांस सुचत नाहीं.

मीं माजघरांतील कॅमेरा काढविला. दाराचा ठेवला, पण शेजाऱ्यांचा ओटा त्यांत दिसूं नये इतका खालीं वळविला. परवां सूनबाई पुन्हां माजघरांत शेंगा सोलीत बसली होती. मी खाकरून आंत गेलों. त्या दिवशीं ती कां रडली, हें मीं अद्याप विचारलेलें नाहीं.