चेहरे निवडणार कोण?

सिनेमात कोण दिसणार हे कॅमेरा सुरू होण्याच्या कितीतरी आधी ठरते. पटकथा वाचून पात्रांसाठी माणसे शोधायची, त्यांची ऑडिशन घ्यायची आणि निवडक नावे दिग्दर्शकापुढे ठेवायची, हे काम कास्टिंग डायरेक्टरचे. अंतिम शब्द दिग्दर्शकाचा असतो हे आम्हाला मान्य. परंतु त्या यादीत ज्याचे नावच नाही, त्याचा विचार होणार कसा?

बड्या बॅनरच्या सिनेमात नायक आधीच ठरलेला असतो. खरी शोधाशोध होते ती कमी पैशांत काढलेल्या स्वतंत्र सिनेमात. चैतन्य ताम्हाणे यांचा २०१४ चा 'कोर्ट' पाहा. लोकशाहीर नारायण कांबळे यांच्या गाण्यामुळे एका गटार सफाई कामगाराने आत्महत्या केली, असा खटला त्यात उभा राहतो. हा शाहीर साकारला नागपूरचे चळवळीतले कार्यकर्ते, 'विद्रोही'चे संपादक वीरा साथीदार यांनी. एखाद्या सराईत नटाच्या हाती डफ दिला असता तर आमच्या वस्तीतल्या पोराने पाच मिनिटांत त्याला ओळखले असते. साथीदारांना चळवळ शिकवावी लागली नाही. २०२१ च्या एप्रिलमध्ये कोरोनाने हा माणूस नेला.

'फँड्री'चा जब्या नागराज मंजुळे यांनी सोलापूर जिल्ह्यातल्या खेड्यात स्वतः शोधला. सोमनाथ अवघडेला त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मुंबईतल्या कुठल्या कास्टिंग ऑफिसने त्या खेड्याची वाट धरली असती?

मात्र टाळ्या वाजवून आम्ही थांबणार नाही. आमची माणसे आठवतात ती डुक्कर पकडायला, गटारात उतरायला, नवऱ्याच्या प्रेताजवळ बसायला. न्यायाधीश, डॉक्टर, प्राध्यापक हवा असला की लगेच 'चेहरा बसत नाही', 'भाषा शुद्ध नाही'. वास्तविक या पदांवर आमची माणसे केव्हाच बसली आहेत. घटना लिहिणाऱ्याच्या समाजातला वकील यांच्या डोळ्यांपुढे का येत नाही? हा डोळ्यांचा दोष नव्हे, जातीचा आहे.

दुसरे असे की, वस्तीतून आणलेला माणूस करार वाचत नाही. मानधन किती, दिवस किती, शूटिंगमध्ये इजा झाली तर खर्च कोणाचा, हे कागदावर आलेच पाहिजे. 'तुम्हाला सिनेमात घेतले' हा मोबदला नव्हे. ऑडिशनसाठी आधी पैसे मागणारा तर सरळ भामटा समजावा. हे आमच्या पोरापोरींनी पक्के लक्षात ठेवावे.

ऑस्करवाल्यांनी कास्टिंगसाठी स्वतंत्र पुरस्कार देण्याचे २०२४ साली जाहीर केले. म्हणजे या कामाचे मोल जगाला कळू लागले आहे. आमचे तरुण नट व्हायला अंधेरी गाठतात. जलशांत, पथनाट्यांत वाढलेल्या आणि गावोगावचे कलावंत नावानिशी ठाऊक असलेल्या कार्यकर्त्यांनी यादी करणाऱ्याच्या खुर्चीसाठीही अर्ज टाकावेत.