विचारांची वंशावळ

18 मे रोजी परभणीत ऊन कसे असते, हे परभणीकरांना सांगायला नको. तरी त्या दिवशी कृषी विद्यापीठाच्या आवारात सकाळपासून जीप आणि मोटारसायकलींची रीघ लागते. 1972 साली याच तारखेला मराठवाडा कृषी विद्यापीठ स्थापन झाले. आज ते वसंतराव नाईकांच्या नावाने ओळखले जाते. वर्धापनदिनालाच खरीप मेळावा भरतो, त्यामुळे भाषणांच्या मांडवापेक्षा बियाण्याच्या रांगेत गर्दी जास्त. यात वावगे काही नाही. मृग तोंडावर आला असताना भाषण कोण ऐकणार?

पिशवीवर वाणाचे नाव असते, दोन शब्दांचे. ‘परभणी क्रांती’ ही भेंडीच घ्या. हळद्या रोगाने पानांच्या शिरा पिवळ्या पडत आणि भेंडीचे रान हातचे जाई. ‘पुसा सावनी’ हे तेव्हाचे लाडके वाण त्यापुढे टिकेना. परभणीच्या जांभळे आणि नेरकर या संशोधकांनी पुसा सावनीची सोयरीक थेट रानभेंडीच्या कुळाशी जुळवली. त्या रानटी घराण्यात रोगाला दाद न देण्याचा गुण होता, पण अशा दूरच्या सोयरिकीतल्या पहिल्या पिढीला बी धरणे जड जाते. मग ती पुन्हा पुन्हा पुसा सावनीकडे वळवायची, दर पिढीतली निवडक झाडे राखायची, बाकीची उपटायची. असे करत 1985 साली वाण बाहेर पडले. ही हकिकत आज सांगता येते ती नोंदवहीमुळे. कोणत्या ओळीतले कोणते झाड ठेवले, याचा हिशेब पैदासकाराला ठेवावाच लागतो. पुढे विषाणूही बदलला, अनेक भागांत क्रांतीही रोगाला बळी पडू लागली. तेव्हा माघारी कुठवर जायचे, हेही त्या वहीवरूनच ठरते.

विचाराला अशी वही नसते. तो आयता, पिशवीत भरून येतो. कोणी पेरला, कोणी खुडला, कोणाच्या शंकेने तो सरळ झाला, याचा पत्ता नसतो.

कल्पना करायला भांडवल लागत नाही, म्हणून एक करून पाहू. समजा, एक पंथ आहे. विचार खरा की खोटा हा त्याच्या साधकांचा प्रांत नाही. तो कुठे रुजला, कोणाच्या तोंडून निघाला आणि ऐकणाऱ्याने त्यात काय फरक केला, एवढेच त्यांनी टिपून ठेवायचे. वाचणाऱ्याला वाटेल, हे खूळ सातासमुद्रापलीकडच्या एखाद्या विद्यापीठातले असणार. पण याच्या फार जवळ जाणारे काम सातशे वर्षांपूर्वी महानुभावांनी मराठीत करून ठेवले आहे.

पंथाचे प्रवर्तक चक्रधरस्वामी गेल्यानंतर त्यांचे शिष्य म्हाइंभट ज्यांनी ज्यांनी काही पाहिले-ऐकले होते त्यांना गाठत राहिले. मिळालेली आठवण नागदेवाचार्यांकडून तपासून घ्यायची, मगच लीळा, म्हणजे स्वामींच्या आयुष्यातला प्रसंग, लिहायची. पुढे धामधुमीत पोथी गेली आणि लीळाचरित्र स्मरणातून पुन्हा उभे करावे लागले. दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत, तर पंथाने त्या रेटून एक केल्या नाहीत. वेगळा पाठ वेगळा ठेवला, ज्याचा त्याच्या नावावर. त्यात हिराइसेचा पाठ आहे. तेराव्या-चौदाव्या शतकातल्या एका बाईची स्मरणशक्ती पुरावा म्हणून नावानिशी टिकली, याचे आम्हाला अजूनही नवल वाटते.

केसोबासांनी लीळांमधून स्वामींची वचने वेचून सूत्रपाठ रचला. वचने आटोपशीर झाली, पण प्रसंगापासून तुटली. मग कोणते सूत्र कोणत्या प्रसंगी निघाले, ते सांगणारा ‘प्रकरणवश’ आला. स्थानपोथीने जागा नोंदवल्या: कोणते गाव, कोणते देऊळ, दार कोणत्या दिशेला. देहधर्माची ठिकाणेही तिने सोडली नाहीत! हे सारे त्यांनी भक्तीपोटी केले, हे खरे. पण विचार त्याच्या मातीसकट जपायचा, तर याहून वेगळे काय करणार?

चूकही मोठी झाली. पंथाने आपल्या पोथ्या सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत बंद केल्या. वि. का. राजवाडे यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी उलगडा करीपर्यंत बाहेरच्या वाचकाला त्या अक्षरांचा अर्थ लागत नव्हता. कुलुपात वंशावळ शाबूत राहिली, कलम मात्र कोणाला बांधता आले नाही.

उलट टोकाला आमच्या गंगाखेडची जनाबाई. तिला कुलूप नव्हते, वहीही नव्हती. तिचे अभंग नामदेवांच्या गाथेच्या आसऱ्याने राहिले, आणि जात्यावर बसलेल्या किती बायकांनी तिच्याशी बोलत आपली ओवी जोडली, त्याला गणती नाही. गी प्वातवँ आणि हेमा राईरकर यांनी जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या, गाणाऱ्या बाईचे नाव आणि गाव टिपून. तोवर कित्येक घरांतली जाती अडगळीत गेली होती.

आता रांगेकडे परत येऊ. सोयाबीनसाठी रुंद वरंबा-सरी हा शब्द आज जिल्ह्यातल्या पोरासोरांना पाठ आहे. काळ्या जमिनीतले पावसाचे पाणी मुरवायचे आणि जास्तीचे सरीतून काढून द्यायचे, ही पद्धत हैदराबादजवळच्या इक्रिसॅटमध्ये 1970च्या दशकात आकाराला आली. तिच्यासाठी वेगळे यंत्र लागते. ज्याच्याकडे ते नाही, तो साध्या पेरणीयंत्राचे एक नळकांडे बुजवतो, एक ओळ रिकामी सोडतो आणि नंतर तिथे सरी पाडतो. लोक त्याला पट्टापेर म्हणतात. नळकांड्यात पहिला बोळा कोणी कोंबला? चिंधीचा होता की गवताचा? शेजारी हसला, की दुसऱ्या वर्षी त्यानेही कोंबला?

मेळाव्यात प्रश्नोत्तरांची चिठ्ठी शेतकरी लिहितो आणि तज्ज्ञ उत्तर देतो. यंदा बियाण्याच्या रांगेच्या कडेला सावलीत एक टेबल मांडावे. तिथे पदव्युत्तर वर्गातली दोन मुले वही घेऊन बसतील आणि शेतकऱ्याला विचारतील, “मामा, हे तुम्ही कुणाचं पाहून केलं?”