‘गर्ल क्रश’ : ओरड एका गोष्टीची, दुखणं वेगळंच

अमेरिकेत राहणाऱ्या आपल्यापैकी अनेकांच्या लेखी कंट्री संगीत म्हणजे पिकअप ट्रक, बिअर आणि काउबॉय टोपी. गाडीत चुकून लागलं तर मुलं आधी स्टेशन बदलतात. पण या देशात कुणाचं ऐकलं जातं आणि कुणाचं नाही, हे समजून घ्यायचं असेल तर एखाद्या कंट्री गाण्यावरून झालेला गदारोळ जरूर बघावा.

‘लिटल बिग टाऊन’ या दोन स्त्रिया आणि दोन पुरुषांच्या गटाचं ‘गर्ल क्रश’ हे असंच एक गाणं. २०१४ च्या ‘पेन किलर’ अल्बममधलं. लोरी मकेना, हिलरी लिंडसी आणि लिझ रोज या तिघींनी लिहिलेलं, कॅरन फेअरचाइल्डने गायलेलं. विषय साधा आहे. प्रियकर दुसरीकडे गेला आहे आणि मागे राहिलेली ही बाई त्या दुसरीच्या हेव्याने पोळली आहे. आपण ‘तीच’ झालो तर तो आपला होईल, असं तिला वाटतं. आपल्याला यात नवं काय? जात्यावरच्या ओव्यांत सवत आहे, गवळणीत कृष्णाच्या ओठांवरच्या मुरलीचा हेवा करणाऱ्या गोपी आहेत.

पण शीर्षक आणि सुरुवात ऐकून काही श्रोत्यांनी वेगळाच अर्थ लावला : ही दोन बायकांच्या प्रेमाची गोष्ट आहे! २०१५ च्या वसंतात काही रेडिओ केंद्रांकडे तक्रारी गेल्या. समलिंगी विवाहाचा खटला तेव्हा सर्वोच्च न्यायालयात होता, त्याचा निकाल जूनमध्ये लागला. त्यामुळे वातावरण आधीच तापलेलं. गटाला जाहीरपणे गाण्याचा अर्थ समजावून सांगावा लागला. प्रत्यक्षात किती केंद्रांनी गाणं थांबवलं याबद्दल तेव्हाही मतभेद होते, पण बातमी देशभर झाली.

आणि गाण्याचं काय झालं? काहीही वाईट झालं नाही. बिलबोर्डच्या कंट्रीच्या दोन मुख्य याद्या असतात. एकीत विक्री, ऑनलाइन ऐकणं आणि रेडिओ असं सगळं एकत्र मोजतात, दुसरीत फक्त रेडिओ. पहिल्या यादीत ‘गर्ल क्रश’ १३ आठवडे अव्वल राहिलं. रेडिओच्या यादीत मात्र ते पहिल्या क्रमांकावर कधीच पोहोचलं नाही. पुढे सीएमएचे आणि ग्रॅमीचे पुरस्कारही मिळाले. म्हणजे ज्यांनी आरडाओरडा केला त्यांनी उलट गाण्याची जाहिरातच केली.

खरी गोष्ट त्याच वर्षी मे महिन्यात बाहेर आली. एका रेडिओ सल्लागाराने मुलाखतीत सांगून टाकलं की, रेटिंग हवं असेल तर गायिकांची गाणी कमी करा आणि एकीमागोमाग एक तर लावूच नका. पुरुष गायक म्हणजे सॅलडमधला पाला आणि बायका म्हणजे टोमॅटो, असा त्याचा दाखला होता. त्यावर बराच गहजब झाला. पण तो जे बोलला ते त्याचं एकट्याचं मत नव्हतं. अनेक केंद्रांवर वर्षानुवर्षं हीच रीत चालत आली होती. फोन करून तक्रार करायला तिथे कुणी नव्हतं, कारण जे गाणं लागलंच नाही त्याची चुकचुक कुणाला लागणार?

आपल्याकडचं उदाहरण आठवून बघा. १९५२ मध्ये माहिती व नभोवाणी मंत्री झालेल्या बाळकृष्ण केसकरांनी, म्हणजे आपल्या पुण्याच्याच माणसाने, आकाशवाणीवरची फिल्मी गाणी बाजूला सारली. श्रोत्यांनी मुकाट्याने सुई फिरवली आणि रेडिओ सिलोन लावलं. १९५७ मध्ये सरकारलाच विविध भारती काढावी लागली. ती आडकाठी उघड होती. काय काढून घेतलंय हे लोकांना ठाऊक होतं, म्हणून पर्याय शोधला गेला. टोमॅटोच्या नियमात ती सोय नाही.

दशक उलटलं, ऐकण्याची साधनं बदलली, पण दोन याद्यांमधली फट बुजलेली नाही. २०२४ मध्ये बियॉन्सेचं ‘टेक्सस होल्डेम’ एकत्रित कंट्री यादीत पहिलं आलं. तिथवर पोहोचलेली ती पहिली कृष्णवर्णीय स्त्री. कंट्री रेडिओच्या यादीत त्याच गाण्याची मजल ३३ व्या क्रमांकापर्यंतच गेली. त्याच वर्षी शबूझी या कृष्णवर्णीय गायकाचं गाणं रेडिओवरही अव्वल ठरलं, त्यामुळे सगळा दोष वर्णावर टाकून मोकळं होता येत नाही. बियॉन्से मुळात कंट्रीची नाही, असंही काही जण म्हणतात. पण तिला रेडिओची गरज तरी कुठे होती? गरज असते ती नॅशव्हिलला नुकत्याच आलेल्या, नाव नसलेल्या मुलीला.

परदेशात नोकरी केलेल्यांना यातला फरक वेगळा समजवायला नको. तोंडावर ‘नाही’ म्हणणाऱ्याशी भांडता येतं. बढतीच्या यादीत आपलं नावच कुणी सुचवलं नव्हतं, हे मात्र बऱ्याचदा कधी कळतही नाही.

तेव्हा पुढच्या लांबच्या प्रवासात मुलांना स्टेशन बदलू देऊ नका. तासभर कंट्री लावा आणि किती बायकांचे आवाज आले, ते त्यांनाच मोजायला सांगा.